शेवटचा डबा

२०१६ च्या दिवाळीत घरी गेले होते तेव्हा बाबांना लॅपटॉपवर एक फिल्म दाखवली. पन्नास सेकंदांची. फ्रान्समधलं ला सिओता नावाचं समुद्रकाठचं गाव, त्याचं स्टेशन आणि लांबून येणारी गाडी, बस. ल्युमिएर बंधूंची ही फिल्म बहुतेकांनी कधी ना कधी बघितलेली असते, सिनेमाच्या जन्माची गोष्ट निघाली की तीच लावतात. बाबा भुसावळ डिव्हिजनला गार्ड होते, आधी गुड्स, मग पॅसेंजर, मग मेल-एक्सप्रेस, २००३ ला रिटायर झाले. त्यांनी चष्मा लावला, फिल्म बघितली, म्हणाले परत लाव. मग अजून एकदा. मला वाटलं इंजिनाबद्दल काहीतरी सांगतील, वाफेच्या इंजिनांच्या काळात लागलेला माणूस. तर म्हणाले, "शेवटचा डबा कुठे दिसला? गाडी कंप्लीट आली कशावरून?"

मला क्षणभर कळलंच नाही. मग आठवलं की हे वाक्य मी लहानपणापासून ऐकतेय. रेल्वेत गाडी स्टेशनात आली असं इंजिन आल्यावर म्हणत नाहीत, शेवटचा डबा बघितल्यावर म्हणतात. त्याला मागे दिवसा एल व्ही ची, म्हणजे लास्ट व्हेइकलची, पाटी असते, रात्री लाल दिवा असतो, तो डोळ्यांनी बघायचा, मगच मागच्या स्टेशनला कळवायचं की गाडी पूर्ण आली, आता पुढची सोड. कारण मधे कुठे कपलिंग तुटलं असेल आणि अर्धी गाडी मागे जंगलात उभी असेल तर? पुढचा अर्धा भाग आला म्हणून तुम्ही लाइन क्लिअर दिलीत तर मागून येणारी गाडी त्या उभ्या डब्यांवर जाणार. म्हणून शेवटचा डबा.

त्या दिवसापासून मी जुन्या मूक फिल्म्स बघते त्या याच नजरेने बघते. म्हणजे समोर जे चाललंय ते तर बघतेच, पण कडेला, मागे, फ्रेमच्या कोपऱ्यात कोण आहे ते जास्त बघते. आणि गेल्या काही वर्षांत मी अशा खूप फिल्म्स बघितल्यात. रात्री सगळं आवरलं की इअरफोन न लावता बघायच्या, कारण आवाज नाहीच त्यात.

आधी ती ला सिओताची गाडीच घेऊ. कॅमेरा फलाटावर रुळांच्या अगदी जवळ ठेवलाय. सुरुवातीला फलाट बऱ्यापैकी रिकामा, उजवीकडे थांबलेली माणसं, लांबवर एक काळा ठिपका. एक हमाल हातगाडी घेऊन जातो, तो फिल्म सुरू होताना होता आणि लगेच फ्रेमबाहेर जातो, तुम्ही पहिले दोन सेकंद गाडीकडे बघत असाल तर तो तुम्हाला दिसतच नाही. मला तो दहाव्यांदा बघताना दिसला. मग ठिपका मोठा होतो, इंजिन होतं, ते तिरकं आपल्याकडे येतं आणि डावीकडून बाहेर जातं, आणि मग खरी फिल्म सुरू होते असं मला वाटतं, कारण आता डब्यांचे दरवाजे उघडतात. तेव्हाच्या डब्यांना प्रत्येक खणाला वेगळा दरवाजा, बाहेरच्या बाजूला उघडणारा. माणसं उतरतायत, चढतायत, लांब झग्यातल्या बायका लहान मुलांना सांभाळत घाईने चालल्यात. ल्युमिएर घराण्यातलीच काही माणसं त्या फलाटावर आहेत, त्यांचं उन्हाळ्याचं घर होतं त्या गावात. आणि एक तरुण पोरगा आहे, गाठोडंवाला. तो कॅमेऱ्यासमोर येतो आणि किंचित अडखळतो. आता इकडून जाऊ का तिकडून, हे काय ठेवलंय मधे, असं काहीतरी त्याच्या चालण्यात दिसतं. मग तो जातो. बाकीच्यांना बहुतेक सांगून ठेवलं असणार की इकडे बघू नका, कारण ती सगळी फार शिस्तीत कॅमेरा टाळतायत, पण या पोराला कोणी सांगितलेलं दिसत नाही. त्या पन्नास सेकंदांतला माझा माणूस तो आहे. त्याचं नाव कुठेच नाही.

आणि हो, बाबांचं बरोबर होतं. गाडीचं शेपूट लांबवर माणसांमागे झाकलं जातं, शेवटचा डबा नीट दिसत नाही. गाडी सुटतानाही दिसत नाही, त्याआधीच रीळ संपतं.

रीळ संपतं कारण ते होतंच सतरा मीटरचं. ल्युमिएरांचं सिनेमातोग्राफ म्हणजे एक लाकडी पेटी, साधारण पाच किलोची, हँडल फिरवून चालणारी. तीच कॅमेरा, तीच प्रिंट काढायचं मशीन आणि मागे दिवा लावला की तीच प्रोजेक्टर, म्हणजे एक माणूस ही पेटी घेऊन जगात कुठेही जाऊ शकत होता, दिवसा शूटिंग करायचं आणि रात्री दाखवायचं. सेकंदाला साधारण सोळा चित्रं. पण चित्र नुसतं सरकत राहिलं तर पडद्यावर रेघोट्याच दिसणार, प्रत्येक चित्र क्षणभर थांबलं पाहिजे, मग पुढे, मग परत थांबलं पाहिजे. ही युक्ती लुई ल्युमिएरला शिलाई मशीनवरून सुचली, त्यात कापड कसं सुई वर असताना पुढे सरकतं आणि सुई खाली आली की थांबतं, तसं. आमच्या क्वार्टरमध्ये आईचं पायाचं मशीन होतं आणि मी तासन् तास त्या दात्यांकडे बघत बसायचे, कापड पुढे, थांब, पुढे, थांब. सिनेमा त्याच चालीवर चालतो हे मला चाळिशीत कळलं आणि इतकं बरं वाटलं की लगेच आईला फोन करून सांगितलं.

२८ डिसेंबर १८९५ ला पॅरिसच्या ग्रँड कॅफेच्या तळघरात पहिला तिकिटाचा खेळ झाला, एक फ्रँक तिकीट, तेहतीस माणसं आली. दहा फिल्म्स होत्या आणि त्यात ही गाडी नव्हतीच, हे फार जणांना माहीत नसतं. पहिली फिल्म होती त्यांच्याच लियोंच्या कारखान्यातून कामगार बाहेर पडतात ती. फोटोच्या काचा बनवायचा कारखाना होता. दार उघडतं आणि बायका, खूप बायका, टोप्या घालून, हसत, एकमेकींना ढकलत बाहेर येतात, मग पुरुष, सायकली, एक कुत्रं. ही फिल्म त्यांनी तीनदा काढली, एकीत घोडागाडीला दोन घोडे आहेत, एकीत एक, एकीत घोडाच नाही. मी तिन्ही ओळीने बघितल्यात. म्हणजे सिनेमाच्या पहिल्याच फिल्मला रिटेक आहे. पण कामगारांना तिन्ही वेळा खरंच घरी जायचं होतं ना, ते कसं खोटं असेल. ज्या रस्त्यावर हे झालं त्या रस्त्याचं नाव आता पहिल्या फिल्मचा रस्ता असंच आहे.

त्याच खेळात अजून एक होती, ऑगस्त ल्युमिएर आणि त्याची बायको आपल्या लहान मुलीला, आंद्रेला, बागेत बसून भरवतायत. मुलगी बिस्किट हातात घेते आणि कॅमेऱ्याकडे धरते, जणू पेटीमागच्या काकाला देतेय. खरंच तिचा काकाच होता तो, लुई. पण सांगतात की तेव्हाचे प्रेक्षक बाळापेक्षा मागच्या झाडांकडे बघत राहिले, पानं हलत होती म्हणून. नाटकातल्या पडद्यावर झाडं रंगवलेली असतात, ती हलत नाहीत. इथे कोणी काही न करता, कोणी न सांगता, वारा आला आणि पानं हलली. मला हे वाचून अंगावर काटा आला होता. ती आंद्रे १९१८ च्या फ्लूच्या साथीत गेली, चोवीसेक वर्षांची होती.

मग ती गाडी अंगावर येतेय म्हणून लोक खुर्च्या सोडून पळाले ही गोष्ट. आपण सगळ्यांनी ऐकलेली आहे, मी स्वतः कितीतरी जणांना रंगवून सांगितलीय. पण ज्यांनी त्या काळची वर्तमानपत्रं आणि पोलिसांच्या नोंदी धुंडाळल्या त्यांना असं काही घडल्याचं सापडलेलं नाही. आणि मला ते पटतं. त्या लोकांनी आयुष्यभर गाड्या बघितल्या होत्या, गाडी म्हणजे काय आणि पडदा म्हणजे काय हे त्यांना कळत होतं. ज्यांना आपण साधं भोळं समजतो ते इतके भोळे नसतात, हे मला या गोष्टीच्या निमित्ताने फार वाटतं. आश्चर्य वेगळंच असणार. काल गेलेली गाडी आज परत येतेय, उद्याही तशीच येईल, तीच माणसं तशीच उतरतील. रशियात लेखक मॅक्सिम गॉर्कीने १८९६ च्या जुलैत हा खेळ बघून लिहिलं की काल मी सावल्यांच्या राज्यात होतो, आवाज नाही, रंग नाही, सगळं राखाडी, आणि गाडी सरळ अंगावर येते असं वाटतं पण तीही सावल्यांचीच गाडी.

आणि त्याच महिन्यात ही पेटी मुंबईत होती. ७ जुलै १८९६, मंगळवार, वॉटसन्स हॉटेल. मारियुस सेस्तिए नावाचा ल्युमिएरांचा माणूस ऑस्ट्रेलियाला निघाला होता, वाटेत मुंबईला उतरला. टाइम्समध्ये जाहिरात आली, शतकातला चमत्कार, जगातलं आश्चर्य. तिकीट एक रुपया, जो तेव्हा लहान नव्हता. सहा फिल्म्स होत्या, त्यात कारखान्यातून सुटणारे कामगार होते, समुद्रात उड्या मारणारी पोरं होती, भिंत पाडण्याची होती आणि गाडीचं आगमनही होतं. आठवड्याभरात खेळ नॉव्हेल्टी थिएटरमध्ये गेले आणि तिथे चार आण्यांपासून तिकीट झालं, पडदानशीन बायकांसाठी वेगळी सोय झाली.

वॉटसन्सची ती लोखंडी सांगाड्याची इमारत अजून उभी आहे, काळा घोड्याजवळ, एस्प्लनेड मॅन्शन म्हणतात, अतिशय वाईट अवस्थेत. मी मुद्दाम जाऊन समोरच्या फुटपाथवर उभी राहिले होते, पावसातच, जुलैत. तिथून बोरीबंदर चालत पंधरा मिनिटं. १६ एप्रिल १८५३ ला तिथूनच पहिली गाडी ठाण्याला सुटली होती, चौदा डबे, साहिब, सिंध आणि सुलतान अशी तीन इंजिनं, एकवीस तोफांची सलामी. म्हणजे पडद्यावरची गाडी मुंबईत आली तेव्हा खरी गाडी येऊन त्रेचाळीस वर्षं झाली होती, व्हीटीची नवी इमारत होऊन आठेक वर्षं. वॉटसन्समधल्या काही प्रेक्षकांनी त्याच दिवशी गाडीचा प्रवास केलेला असणार. आणि ते रुपया देऊन बसले दुसऱ्याच देशातली गाडी बघायला.

इथे एक गोष्ट मला कितीतरी उशिरा कळली. यूट्यूबवर जी ला सिओताची फिल्म आपण बघतो ती अभ्यासकांच्या मते १८९७ च्या उन्हाळ्यात काढलेली आहे. हे खरं धरलं तर मुंबईत १८९६ मध्ये दिसलेली गाडी ही नव्हेच, आधीची कुठलीतरी दुसरी. ल्युमिएरांनी आणि त्यांच्या माणसांनी स्टेशनात येणाऱ्या गाड्या कितीतरी काढल्या, सगळी मिळून चौदाशेच्या वर फिल्म्स काढल्या. मग आपल्या शहराने पहिल्यांदा पडद्यावर बघितलेल्या त्या गाडीतून कोण उतरलं? गाठोडंवाला पोरगा तर नक्कीच नाही. दुसरं कोणीतरी. मी किती वर्षं मनात एक चित्र धरून होते, वॉटसन्सच्या हॉलमध्ये तो पोरगा अडखळतोय आणि मुंबईकर त्याच्याकडे बघतायत, आणि ते चित्र सोडून द्यायला मला खरंच जड गेलं.

१८९७ चा उन्हाळा म्हटलं की मला दुसरंच काहीतरी आठवतं. १८९६ च्या सप्टेंबरात मांडवीला डॉक्टर व्हिएगसनी प्लेगचा रोगी ओळखला, वॉटसन्सच्या खेळाला जेमतेम दोन-अडीच महिने झाले होते. मग मुंबई रिकामी व्हायला लागली, माणसं मिळेल त्या गाडीने गावाकडे पळाली, आणि स्टेशनांवर प्रवाशांना उतरवून डॉक्टर तपासायला लागले, बायकांनासुद्धा. जून १८९७ ला पुण्यात रँडवर गोळी झाडली गेली ती याच सगळ्यातून. म्हणजे ला सिओताच्या उन्हात बायका झगे सावरत डब्यातून उतरत होत्या त्याच सुमारास आमच्याकडच्या फलाटांवर बायका रांगेत उभ्या होत्या, डोक्यावर पदर, कडेवर पोर, पुढे परका माणूस जांघेत गाठ आहे का बघणार. त्या फलाटांवरची माणसं चालताना, वळताना, पदर सावरताना मी कधी बघितलेली नाहीत. म्हणून ते फ्रेंच फलाट बघताना मी त्यांना शोधते, हे मला माहितीये चुकीचं आहे पण शोधते.

आपल्याकडे कोणी कॅमेरा घेतलाच नाही असं नाही हं. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, सावेदादा म्हणायचे त्यांना, मुंबईत फोटोग्राफीचा धंदा होता. ल्युमिएरांचे खेळ बघून त्यांनी लंडनहून कॅमेरा मागवला, आणि १८९९ ला हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती लावून ती शूट केली. फिल्म धुवायला परत लंडनला पाठवावी लागली. बोटीने जायची, बोटीने यायची, तोपर्यंत आपण काय काढलंय हे त्यांनाही दिसणार नाही, काय धीर लागत असेल. मग त्यांनी माकडं खेळवणारा माणूस काढला. आणि १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परत आले, दापोलीजवळच्या मुर्डीचा मुलगा सीनियर रँग्लर, म्हणजे तिथल्या गणिताच्या परीक्षेत पहिला, होऊन आला, त्यांच्या स्वागताची गर्दी सावेदादांनी शूट केली. त्या गर्दीत किती पगड्या असतील, किती उपरणी, कोणाचे तरी पणजोबा पाय उंच करून बघत असतील. कोणीतरी पोरगं नक्की कॅमेऱ्याकडे तोंड करून उभं असणार. ती फिल्म आज नाही. कुस्तीची नाही, माकडवाल्याचीही नाही.

त्या फिल्म्स नायट्रेटच्या असायच्या, पेट घेतला की विझत नाही अशा, आणि नुसत्या डब्यात ठेवल्या तरी वर्षानुवर्षांत चिकट होऊन, मग भुगा होऊन जातात. आपल्या पुण्यातही २००३ च्या जानेवारीत अशा जुन्या नायट्रेट प्रिंट्सना आग लागली आणि बरंच काही गेलं. म्हणून जे राहिलंय ते बघताना मला मोजल्यासारखं होतं. फाळक्यांनी पेरलेल्या वाटाण्याचं रोप वाढतानाची फिल्म काढली होती, १९१२ ला, कुंडीसमोर कॅमेरा लावून थोडं थोडं करत महिनाभर काढलेली, ती दाखवून त्यांनी पुढच्या फिल्मसाठी भांडवल उभं केलं. काय माणूस, देवादिकांच्या आधी कोंब दाखवला. आणि चित्रपट कसे तयार करतात हे दाखवणारी १९१७ ची, तिचा तुकडा आहे, त्यात स्वतः फाळके काम करताना दिसतात. फिल्म हातात धरून उजेडात बघतात. मी तो तुकडा दर काही महिन्यांनी बघते.

भारतातल्या उरलेल्या सगळ्यात जुन्या फिल्म्सपैकी एक १८९९ ची आहे, होडीतून नदीकाठ दाखवलाय. तिचं नाव कलकत्त्याचा देखावा असं काहीतरी आहे आणि प्रत्यक्षात ते वाराणसीचे घाट आहेत. लंडनमध्ये कोणीतरी नाव लिहिताना गाव चुकवलं. पायऱ्यांवर माणसं अंघोळ करतायत, छत्र्या आहेत, होडी पुढे सरकतेय, आणि एकाही माणसाला माहीत नाही की आपण कलकत्त्याचे म्हणून दाखवले जाणार आहोत. याचा मला राग येतो, अजूनही.

याच्या उलट इंग्लंडमधले मिचेल आणि केनयन. ब्लॅकबर्न गावचे. यांचा धंदाच असा की जत्रावाल्यांसाठी गिरणी सुटायच्या वेळी गेटवर कॅमेरा लावायचा आणि रात्री जत्रेतल्या तंबूत दाखवायचं, या, स्वतःला बघा. आणि लोक यायचे, तिकीट काढून. स्वतःला, शेजारणीला, आपल्या पोराला बघायला. ती आठशेच्या आसपास रिळं १९९४ मध्ये त्यांच्या जुन्या दुकानात काम चालू असताना पिंपांमध्ये सापडली, फेकून द्यायची वेळ आली होती. त्यात माणसं सरळ तुमच्या डोळ्यात बघतात. पोरं कॅमेऱ्यासोबत पळतात, टोप्या उडवतात, एक बाई शालीने तोंड झाकते आणि मग परत बघते. त्यातली बरीचशी पोरं १९०० च्या सुमारास दहा-बारा वर्षांची आहेत आणि १९१४ ला महायुद्ध सुरू होणार आहे, हे आपल्याला माहीत असतं, त्यांना नसतं. सॅन फ्रान्सिस्कोच्या मार्केट स्ट्रीटची फिल्म बघताना तसंच होतं. ट्रामच्या पुढे कॅमेरा बांधून तेराएक मिनिटं सरळ रस्ता, घोडागाड्या, पेपर विकणारी पोरं, रस्ता कसाही ओलांडणारी माणसं, शेवटी घड्याळाचा मनोरा. काही दिवसांनी १८ एप्रिल १९०६ ला भूकंप झाला, मग आग लागली, आणि तो रस्ता तसा राहिला नाही. ती फिल्म वाचली कारण भूकंपाच्या आदल्याच दिवशी ती गाडीने न्यूयॉर्कला रवाना झाली होती.

बाबांना त्या दिवाळीत दुसऱ्या दिवशी मी अजून एक दाखवली होती. ल्युमिएरांच्याच प्रोमिओ नावाच्या कॅमेरामनने १८९७ मध्ये काढलेली, जेरुसलेमच्या स्टेशनातून गाडी सुटते ती. यात कॅमेरा गाडीवरच आहे, मागच्या बाजूला, आणि फलाट मागे मागे जातो. तुर्की टोप्या, पागोटी, फेल्ट हॅट, सगळ्या जातीधर्माची माणसं फलाटावर उभी, काहीजण गाडीबरोबर चार पावलं चालतात, कोणी हॅट उंचावतं, कोणी हात करतं. कॅमेऱ्याला करतायत का गाडीतल्या कोणाला, सांगता येत नाही. बाबा खुर्चीत पुढे सरकले. "हा आमच्या जागेवर उभाय," म्हणाले. मग थोड्या वेळाने म्हणाले, "माणसं अशीच दिसतात. सुटताना सगळी आपल्याकडेच बघतात, गार्ड शेवटी असतो ना." तीस-पस्तीस वर्षं त्यांनी प्रत्येक स्टेशन असं मागे जाताना बघितलं होतं आणि घरी कधी बोलले नव्हते. आम्हाला माहीत होतं ते एवढंच की रात्री दोनला कॉलबॉय सायकलवरून यायचा, दार वाजवायचा, बाबा कॉलबुकात सही करायचे, आई उठून डबा करायची, आणि ती काळी लोखंडी पेटी, झेंड्या, बत्ती, धोक्याच्या इशाऱ्याला रुळावर ठेवायचे फटाके भरलेली, पोर्टर घेऊन जायचा. मग दोन दिवसांनी बाबा यायचे, खंडव्याच्या नाहीतर बडनेऱ्याच्या रनिंग रूमचा, गार्ड-ड्रायव्हरांच्या मुक्कामाच्या खोलीचा, वास घेऊन. मधलं काही आम्ही बघितलेलं नव्हतं. ते मला जेरुसलेमच्या स्टेशनावर दिसलं.

बाबा २०१९ ला गेले. पुढच्याच वर्षी, फेब्रुवारीत, कोणीतरी ला सिओताची फिल्म कॉम्प्युटरवर घालून फोर के, सेकंदाला साठ फ्रेम्स अशी करून टाकली, आणि लॉकडाऊनमध्ये ती मला चार वेगवेगळ्या ग्रुपांवर आली. बघितली मी. गाडी गुळगुळीत येते, चेहरे स्वच्छ, झग्यांचे काठ स्पष्ट. लोकांना आवडली, मला कळतं का आवडली, एकदम आजची वाटते. पण मला ती नको. मशीनने दोन चित्रांच्या मधली चित्रं अंदाजाने भरली आहेत, गाठोडंवाल्या पोराच्या चेहऱ्यावर जे जास्तीचं दिसतंय ते त्या दिवशी उजेडाने फिल्मवर उमटवलेलं नाही, नंतर कोणीतरी घातलंय. दाणेदार, थरथरणारी, ओरखड्यांची प्रत आहे तीत निदान जेवढं आहे तेवढं खरं त्याचंच आहे.

हे सगळं आता लिहायचं कारण म्हणजे गेल्या महिन्यात जुना फोन चार्ज केला, त्यातले फोटो काढून घ्यायला. त्यात एक व्हिडिओ सापडला. मे २०१५, भुसावळ स्टेशन. आमची गाडी लेट होती आणि मी मुलाचं शूटिंग करत होते, तो तेव्हा पाच वर्षांचा, बाकावर उभा राहून केळं खातोय आणि मला काहीतरी मोठी गोष्ट सांगतोय. मधल्या लाइनवरून कोळशाची मालगाडी चाललीय, त्या खडखडाटात त्याचा एक शब्द ऐकू येत नाही. म्हणजे हीसुद्धा मूक फिल्मच. दोन मिनिटांपेक्षा थोडी कमी.

तिसऱ्यांदा बघताना डाव्या कोपऱ्यात बाबा दिसले. पाठमोरे, फलाटाच्या कडेपासून जरा अंतर ठेवून, बुशशर्ट, हातात आमची पाण्याची बाटली. मान किंचित हलतेय, ठेक्यात. आधी वाटलं डुलकी येतेय का काय उभ्या उभ्या. मग कळलं, वॅगन मोजतायत. प्रत्येक वॅगनला मान एवढीशी हलते. मुलगा बाकावरून उडी मारतो, कॅमेरा त्याच्यामागे जातो, बाबा फ्रेमबाहेर. मग तो परत बाकावर चढतो आणि बाबा परत येतात, मान हलतेच आहे, मोजणी चुकलेली नाही. मी पॉज करून करून मोजल्या, मधल्या निसटल्या तेवढ्या सोडून. मग वॅगन संपतात आणि ब्रेकव्हॅन, गार्डचा शेवटचा डबा, येते. दारात गार्ड उभा आहे, पोरगेलासा, हातात हिरवी झेंडी. बाबांच्या हातात झेंडी नाही, रिटायर होऊन बारा वर्षं झालीत. ते बाटली डाव्या हातात घेतात आणि उजवा हात आडवा करून, पूर्ण लांब करून, सावकाश हलवतात. ऑलराइट, म्हणजे गाडी ठीक आहे, जाऊ दे. तो पोरगा आधी बघतो, कोण म्हातारा आहे, आणि मग झेंडी पुढे काढून त्यांना ऑलराइट देतो, नीट, स्टेशन मास्तरला द्यावं तसं. ब्रेकव्हॅन पुढे जाते, मागची एल व्ही ची पाटी दिसते, अगदी स्पष्ट. बाबा ती लांब जाईपर्यंत बघतात. मग मागे वळून आमच्याकडे येतात, बाटलीचं झाकण उघडत, आणि मुलापुढे पाणी धरतात.